लग्न गवतावर की मातीवर?

दिगंबरकाकांच्या दुकानात आरसा नव्हता. देवासच्या जुन्या बाजारात भांड्यांच्या दोन दुकानांमध्ये दाबून बसवल्यासारखं ते दुकान. आत एक लाकडी बाक, भिंतीला टांगलेले पावलाच्या आकाराचे लाकडी कलबूत, कोपऱ्यात चामड्याच्या गुंडाळ्या आणि जमिनीवर काकांची बसायची गोणपाटाची घडी. जोड्यांच्या दुकानात गुडघ्याएवढा का होईना, तिरका लावलेला आरसा असतोच. इथं नव्या मुली यायच्या, जोडा पायात घालायच्या आणि सवयीनं भिंतीकडे बघायच्या. काका मान वर न करता म्हणायचे, "आरशाला काय विचारतेस बेटा? त्याला थोडंच घालायचाय? बाहेर जा, नळापर्यंत चालून ये आणि पायाला विचार."

दुकानापासून नळापर्यंत गल्ली शंभर पावलांची असेल. आधी फरशी, मग उखडलेली खडी, मग नळापाशी थोडा ओला उतार. नगरपालिकेनं ती खडी कधी नीट केली नाही याचा आम्हा सगळ्यांना राग होता. काका मात्र खूश होते. म्हणायचे, "सरकारनं मला फुकटात टेस्टिंग लाइन दिली आहे."

ते बाकी सगळं शिवत, शाळेचे बूट, म्हाताऱ्यांच्या वहाणा, तुटलेल्या पिशव्यासुद्धा. पण त्यांचं नाव झालं ते नवरीच्या जोड्यांसाठी. पूर्वी आमच्याकडची लग्नं धर्मशाळेत, शाळेच्या हॉलमध्ये व्हायची. आता ती मॅरेज गार्डनमध्ये, शेतावर, कुणाच्या तरी बागेत होतात. इंदूरहून आणलेले उंच टाचांचे जोडे तिथं मातीत रुतायचे, गवतावर मुरगळायचे, आणि मग कुणीतरी सांगायचं, "देवासला एक काका आहेत, त्यांच्याकडे जा."

मुलगी बाकावर बसली की काकांचा पहिला प्रश्न पायाच्या नंबराचा नसायचा. "लग्न कुठं?" मुलगी तारीख सांगायला लागायची. "तारीख नाही विचारली. जागा विचारली. गवतावर, मातीवर की फरशीवर?" मग दुसरा प्रश्न, "किती वाजता?" कारण थंडीत संध्याकाळी सहाला दव पडायला लागतं आणि ओल्या गवतावर गुळगुळीत सोल म्हणजे घसरगुंडी. त्यांना तालुक्या-तालुक्याची जमीन पाठ होती. टोंकखुर्दकडची काळी माती ओली झाली की टाच गिळते. मांडूला दगड, तिथं सोल जाड पाहिजे. देवासच्या गार्डनांमध्ये वरून गवत दिसतं, पण खाली मुरूम असतो, तो टोचतो. हे सगळं ते पायाची बोटं दाबून बघता बघता सांगत.

माप ते दुपारी चारच्या आधी घेतच नसत. "सकाळचा पाय उपाशी असतो. संध्याकाळचा जेवलेला. लग्नात जेवलेला पाय घेऊन उभं राहायचंय." मुली मोबाइलवर फोटो दाखवायच्या, काका, अगदी असाच हवा. ते चष्मा कपाळावर सरकवून फोटो नीट बघायचे आणि म्हणायचे, "ही उभी आहे. चालतानाचा दाखव." चालतानाचा फोटो कुणाकडेच नसायचा.

त्यांचे पूर्वज इथल्या मराठा दरबाराबरोबर महाराष्ट्रातून देवासला आले ते घोड्यांची खोगिरं शिवायला. घोडे गेले, खोगिरं गेली, हात राहिले. काकांच्या आजोबांनी शेवटचं खोगीर शिवलं आणि वडिलांनी पहिला बूट. घरातलं एक वाक्य मात्र तसंच चालत आलं होतं आणि ते काका दिवसातून एकदा तरी ऐकवत. "खोगिरानं पाठ सोलली तर दोष घोड्याचा नसतो." माझा पायच वाकडा आहे, माझी बोटंच जाड आहेत, असं एखादी मुलगी लाजून म्हणाली की हे वाक्य ठरलेलं. पुढं काही समजावून सांगत नसत. सुई परत चामड्यात.

सोनकच्छच्या एका धान्य व्यापाऱ्याच्या मुलीची गोष्ट मी त्यांच्याच दुकानात बाकावर बसून पाहिली. मी तेव्हा शाळेत न्यायची पिशवी शिवून घ्यायला गेले होते. मी तेव्हा देवासला एका शाळेत गणित शिकवायचे. ती मुलगी चार बोटं उंच, पेन्सिलीसारख्या टाचांचे सोनेरी जोडे घेऊन आली होती. सोबत वडील. फक्त पट्टा घट्ट करून हवा होता. लग्न शेतावर, संध्याकाळी. काकांनी तिला जोडे घालायला लावले आणि दुकानामागच्या मोकळ्या जागेत नेलं. तिथं कुणीतरी नुकतंच पाणी टाकलं होतं. "इथं उभी राहा. मी चहा पिईपर्यंत."

चहावाल्याकडून कट चहा आला, काकांनी तो बशीत ओतून सावकाश प्यायला. मुलगी आधी हसत होती, मग हात पसरून तोल सांभाळायला लागली, मग तिच्या दोन्ही टाचा जमिनीत गेल्या आणि ती जोड्यातून निघून अनवाणी मातीत उभी राहिली. काका बशी खाली ठेवून म्हणाले, "तुला चार तास उभं राहायचंय. मी एकच चहा प्यायलो."

वडील चिडले. "काकाजी, बिना हील के हमारी लड़की छोटी दिखेगी."

"छोटी दिखेगी सेठ," काका म्हणाले, "गिरी हुई नहीं दिखेगी."

मुलगीच मोठ्यानं हसली. जोडे तिनं चपट्या रुंद टाचेचे शिवून घेतले.

अर्थात काकांचं सगळंच गोड नव्हतं. त्यांनी दिलेली वेळ कधी खरी ठरली नाही. 'सोमवारी देतो' म्हणजे कुठला सोमवार ते सांगायचे नाहीत. नवरीच्या आया दुकानासमोर उभ्या राहून रडकुंडीला यायच्या आणि काका त्यांच्याचसमोर पूर्ण झालेल्या जोड्याची शिवण उसवायचे, कारण आतली एक गाठ त्यांच्या बोटाला लागली होती. अशा वेळी वरच्या मजल्यावरून सुधाकाकू, त्यांची बायको, खिडकीतून ओरडायची, "अहो, लग्न लागून मुलं होतील तिला!" काका वर न बघता म्हणायचे, "मग मुलांचेही शिवू."

धारच्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकाबाईंचं मला काकूनं सांगितलं. बाई अठ्ठावन्न वर्षांच्या, पंधरा वर्षांपूर्वी नवरा गेलेला. आता सोबतच्याच एका निवृत्त सरांशी लग्न करणार होत्या. मुलीच्या बागेत, वीस माणसांत. दुकानात आल्या त्या डोक्यावरून पदर घेऊन, आणि बाकावर बसताच म्हणाल्या, "एक साधा जोडा हवाय. तपकिरी. रोजच्या वापराचा."

काकांनी त्यांच्या हातातली लग्नपत्रिकांची पिशवी बघितली असावी. त्यांनी विचारलं, ज्या आवाजात बावीस वर्षांच्या मुलींना विचारत त्याच आवाजात, "लग्न कुठं? गवतावर की मातीवर?"

बाईंनी पिशवी पदराआड घेतली. मग म्हणाल्या, "गवतावर. पण तपकिरीच करा. लोक काय म्हणतील?"

काकांनी तपकिरीच केला. बाईंनी घालून बघायला हातात घेतला तर आतून संपूर्ण अस्तर लाल, कुंकवासारखं. "बाहेरचं लोकांसाठी," काका म्हणाले, "आतलं तुमचं." बाई नळापर्यंत चालत गेल्या आणि परत यायला त्यांना बराच वेळ लागला. काकू म्हणाली, नळापाशी उभ्या राहून डोळे धुवत होत्या.

आता माझं. मी नऊ वर्षांची असताना सोनकच्छच्या रस्त्यावर आमचा टेम्पो उलटला. माझी डावी मांडी मोडली आणि जुळताना थोडी आखूड जुळली. पाऊण इंच. त्या दिवशी आईनंच मला टेम्पोत कडेला बसवलं होतं, वारा लागावा म्हणून. ते ती कधी बोलली नाही आणि कधी विसरलीही नाही. मी शाळेत शिकवायला लागले, पोरांनी दोन दिवस नक्कल केली, तिसऱ्या दिवशी विसरली. पण लग्न ठरलं तेव्हा आईची झोप उडाली. अनिरुद्धला, म्हणजे ज्याच्याशी ठरलं त्याला, सगळं माहीत होतं. त्याच्या आईवडिलांनाही. बाकीच्या नातेवाइकांना नव्हतं. लग्न धारहून मांडूला जाणाऱ्या रस्त्यावर, त्याच्या चुलत्यांच्या आमराईत. माघ महिना, चारशे माणसं.

आई मला घेऊन दिगंबरकाकांकडे गेली आणि दार लोटून घेत हळू आवाजात म्हणाली, "भाऊ, असा जोडा करा की कुणाला कळणार नाही. आतून उंच करा. दोन्ही टाचा उंच दिसू देत, म्हणजे फरक लपेल."

काकांनी माझे दोन्ही पाय मांडीवर घेतले, बराच वेळ बघितले. मग म्हणाले, "ताई, होईल. पण आत पाऊण इंच भरला की टाच जोड्यातून वर येते. ती बाहेर पडू नये म्हणून ही दर पावलाला बोटं आवळून चालेल. लपेल, हे खरं. पण दोन तासांत पाय दुखायला लागेल आणि चौथ्या तासाला ही हसण्याचं सोंग करेल."

"आणि नाहीतर?"

"नाहीतर बाहेरून सोल जाड करतो. हलका, सपाट, मऊ. ही नाचली तरी काही होणार नाही. पण बाजूनं बघणाऱ्याला दिसेल. ताई, दोन्ही होत नाही. खोटं सांगणार नाही."

आई म्हणाली, "मग आतूनच करा."

काकांनी माझा पाय खाली ठेवला आणि आईकडे न बघता मला म्हणाले, "तू बोल बेटा. पाय तुझा आहे."

नऊ वर्षांची असल्यापासून माझ्या पायाबद्दल डॉक्टर आईशी बोलत, बूट शिवणारे आईशी बोलत, मुलगी बघायला आलेले आईशी बोलत. मला कुणी विचारलं नव्हतं.  काका म्हणाले, "घाई नाही. चार दिवसांनी ये. एकटी ये."

ते चार दिवस आई आणि मी एकमेकींशी जपून बोललो. चौथ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी एकटी गेले आणि म्हटलं, "बाहेरून जाड करा, काका."  ते मान हलवून म्हणाले, "उद्या शालू घेऊन ये. काठ किती वर येतो ते बघावं लागेल. आणि आईला सांग, ब्लाउजचं उरलेलं कापड दे म्हणावं."

मग मलाच सुचलं. "पण काका, होमाच्या वेळी जोडे काढावे लागतील. फेरे अनवाणी. सप्तपदी अनवाणी. तेव्हा तर सगळे फक्त आमच्याकडेच बघत असतील."

काकांनी सुई चामड्यात टोचून ठेवली. "ते माझ्या ध्यानात आलं नव्हतं," ते म्हणाले. एवढंच.

नेहमीप्रमाणे जोडे वेळेवर आले नाहीत. लग्नाच्या आदल्या दिवशी आम्ही आमराईत पोचलो तरी जोडे नाहीत. आईनं इंदूरचे उंच टाचांचे तयार जोडे पिशवीत आणले होते, ते मी पाहिलं. दुपारी तीनच्या सुमाराला दिगंबरकाका स्वतःच उगवले. देवासहून इंदूर, इंदूरहून धार, धारहून टेम्पो. खांद्यावर कापडी झोळी. जोडे माझ्या हातात दिले. हिरव्या कापडावर सोनेरी काठ, वरून दोन्ही सारखे, बाजूनं डावा जाड. वजन म्हणाल तर हातात कबुतर धरल्यासारखं. मी घातले आणि चालले. मी रोज चालते त्यापेक्षा सरळ चालले.

पण काका माझ्याकडे बघतच नव्हते. ते जमिनीकडे बघत होते. नवरीच्या खोलीपासून मांडवापर्यंत लाल गालिचा घातला होता आणि काका त्यावरून स्वतः अनवाणी, एक एक पाऊल दाबत चालले. मध्येच थांबले. मागं आले. परत तिथंच पाय दाबला.

"भिया, ये गलीचा उठाओ," ते तंबूवाल्याला म्हणाले.

"काका, ये क्या कर रिये हो? सुबह से बिछाया है।"

"नीचे नाली है भिया. कल दुल्हन का पाँव जाएगा इसमें. उठाओ."

खरंच होती. झाडांना पाणी द्यायचा दांड गालिच्याखाली तसाच होता, हातभर रुंद. तंबूवाला कुरकुरत राहिला, म्हणून काकांनी बागेतलं फावडं घेतलं आणि सत्तरीच्या घरातल्या माणसानं स्वतः माती ओढायला सुरुवात केली. अनिरुद्धनं धावत जाऊन दुसरं फावडं आणलं. आधी कुणीतरी हसलं, मग चारजण लागले. वर आंब्याला मोहर होता, सगळ्यांच्या डोक्यावर तो गळत होता.

ते झाल्यावर काका मांडवात गुरुजींकडे गेले. गुरुजी होमाची विटांची चौकट मांडत होते. मी थोड्या अंतरावर उभी होते, पण मला ऐकू आलं.

"गुरुजी, होमापाशी चामडं चालत नाही, बरोबर?"

"मुळीच नाही."

"आणि लोकर?"

गुरुजींनी वर बघितलं. "लोकरीचं तर आम्ही आसन घेतो. लोकर शुद्ध."

"मग नवरीच्या एका पायाखाली लोकर असली तर?"

गुरुजींनी हातातली वीट खाली ठेवली. त्यांनी माझ्याकडे बघितलं, माझ्या पायाकडे बघितलं, आणि म्हणाले, "आसन पायाखाली आलं एवढंच. हरकत नाही."

काकांनी झोळीतून काढला तो नमदा होता, खोगिराखाली घोड्याच्या पाठीवर घालतात तो लोकरीचा जाड, दाबलेला थर. पाऊण इंचाचा, माझ्या डाव्या पावलाच्या आकाराचा कापलेला, वरून हिरव्या कापडाच्या दोन बंदांनी बांधायचा. चामडं नाही, खिळा नाही, डिंकसुद्धा नाही, नुसती दोऱ्याची शिवण. त्यांनी माझ्यासमोर खाली बसून तो बांधून दाखवला आणि मग आईला म्हणाले, "ताई, उद्या तुम्ही बांधा. मला त्या गर्दीत जमायचं नाही."

दुसऱ्या दिवशी होमाच्या वेळी माझे जोडे काढून आईनंच तो बांधला. गाठ दोनदा सुटली. तिसऱ्यांदा बसली तेव्हा तिनं माझं पाऊल दोन्ही हातांत क्षणभर धरून ठेवलं, मग सोडलं. मी फेरे घेतले. तांदळाच्या सात राशींवरून एक एक पाऊल टाकत गेले. मी लंगडले नाही असं नाही, थोडी लंगडलेच. पण मला खाली बघावं लागलं नाही.

जेवणाच्या वेळी ज्याची आईला भीती होती ते घडलंच. अनिरुद्धची धारची मोठी आत्या, जिचा सगळ्या घराला धाक, माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि थेट जोड्यांकडे बोट दाखवून म्हणाली, "काय गं, हा एक जोडा जाड का?" आजूबाजूच्या चारसहा लोकांनी वळून बघितलं. आई पुढं व्हायच्या आत मी सांगितलं.

"डावा पाय आखूड आहे आत्या. लहानपणी मोडला होता."

आत्यानं वाकून नीट बघितलं. "दुखत नाही?"

"नाही."

"कुणी शिवला?"

मी काकांकडे बोट दाखवलं. ते एका आंब्याखाली पत्रावळ घेऊन दाल आणि कणकेचे गोल बाफले खात बसले होते. आत्या पदर सावरत तिकडे निघाली. "माझा गुडघा तीन वर्षं झाली छळतोय," एवढंच आम्हाला ऐकू आलं. थोड्या वेळानं बघितलं तर आत्या खुर्चीत बसली होती आणि काका उष्टा हात वर धरून, डाव्या हातानं तिच्या पावलाची बोटं दाबून बघत होते. आई गेली, तिनं काकांच्या पत्रावळीत स्वतः आणखी एक बाफला वाढला, त्यावर तूप ओतलं, ओततच राहिली. काका नको नको म्हणत होते.

इंदूरच्या जोड्यांची पिशवी तिनं उघडलीच नाही.

नमद्याची गोष्ट मला पुढं काकूनं सांगितली, मी पेढे घेऊन गेले होते तेव्हा. तो काकांच्या आजोबांच्या हातचा शेवटचा तुकडा होता. पेटीत कापूर घालून जपून ठेवलेला. एका संग्रहालयाची माणसं मागायला आली होती तेव्हा काकांनी दिला नव्हता. "रात्रभर तळमळले नाहीत की काही नाही," काकू म्हणाली, "सकाळी उठून कात्री मागितली." काका शेजारीच बसले होते. ऐकू न आल्यासारखं करत त्यांनी एक पेढा तोंडात टाकला.

मी आभार मानायला सुरुवात केली तर म्हणाले, "जोडा कुठं चावत नाही ना? तेवढं सांग."

नंतर त्यांची दृष्टी मंदावली. सुईत दोरा ओवायला काकूला खाली यावं लागायला लागलं तेव्हा त्यांनी दुकान बंद केलं. गेल्या थंडीत ते गेले. मी तेव्हा धारला होते, मला उशिरा कळलं.

त्यांना शेवटचं पाहिलं ते त्याआधीच्या नवरात्रात. माहेरी आले होते, पहाटे टेकडीवर देवीच्या दर्शनाला निघाले. पायथ्याशी जोडे ठेवायच्या जागेवर हीऽ गर्दी. लोक जोडे भिरकावून पुढं पळत होते. आत प्लॅस्टिकच्या स्टुलावर गळ्यात भगवा पंचा घातलेले दिगंबरकाका जोडे लावून ठेवायच्या सेवेला बसले होते. एका खेडेगावच्या म्हातारीच्या चपलेचा अंगठा तुटला होता, तो ते अंदाजानं चाचपडत दोऱ्यानं बांधत होते. म्हातारी हात हलवून नको म्हणत होती, रेवा दे बेटा, और कतना लोग है. काका म्हणत होते, उतरताना पायऱ्यांचे खडे टोचतील माय, थांब.

मी मोठ्यानं हाक मारली, "काका!"

त्यांनी डोळ्यांवर हात धरून आवाजाच्या दिशेनं बघितलं. ओळखलं की नाही, कळलं नाही. हसले मात्र. म्हणाले, "पुढं चल बेटा, मागं लोक आहेत."

गर्दीनं मला पुढं नेलं. दर्शन घेऊन तासाभरानं खाली आले तेव्हा स्टुलावर दुसरंच कुणी बसलं होतं. काकांची पाळी संपली होती. पण त्यांनी लावलेल्या रांगा तशाच होत्या. शेकडो अनोळखी माणसांचे जोडे, जोडीजोडीनं, सगळ्यांची तोंडं रस्त्याकडे वळवलेली, म्हणजे येणाऱ्यानं नुसता पाय घालावा आणि चालू लागावं. माझ्या चपलाही तशाच होत्या. मला वाकावं लागलं नाही.